२९ पैकी २९ : सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठाच्या १९५५-५६ च्या बास्केटबॉल संघाबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

अमेरिकेतल्या कॉलेज बास्केटबॉलचा विषय निघाला की हल्ली मुलं मार्च महिन्यातल्या स्पर्धेबद्दल बोलतात, थोडी मोठी मंडळी मायकल जॉर्डनपासून सुरुवात करतात. मी त्यांना आणखी मागे नेतो, सॅन फ्रान्सिस्कोच्या एका छोट्या जेझुइट कॉलेजच्या संघाकडे. मग प्रश्न सुरू होतात, आणि ते बहुतेक ठरलेले असतात. त्यांची उत्तरं इथे एकत्र लिहून ठेवली आहेत.

या संघाने नेमकं काय केलं?

युनिव्हर्सिटी ऑफ सॅन फ्रान्सिस्को, संघाचं टोपणनाव ‘डॉन्स’. १९५५-५६ च्या हंगामात हा संघ २९ सामने खेळला आणि २९ जिंकला. मार्च १९५६ मध्ये त्यांनी राष्ट्रीय विजेतेपद मिळवलं, तेही लागोपाठ दुसऱ्यांदा. पूर्ण हंगामात एकही सामना न हरता ही राष्ट्रीय स्पर्धा जिंकणारा हा पहिलाच संघ. ही स्पर्धा १९३९ पासून चालू आहे आणि पुरुषांमध्ये असा पराक्रम आजवर फक्त सात वेळा झाला आहे. डॉन्सनंतर १९५७ मध्ये नॉर्थ कॅरोलिना, मग १९६४, १९६७, १९७२ आणि १९७३ अशी चार वर्षं यूसीएलए (लॉस एंजेलिसचं कॅलिफोर्निया विद्यापीठ), आणि १९७६ मध्ये इंडियाना. त्यानंतर कुणालाही जमलेलं नाही.

हे कॉलेज मोठं होतं का? पैसेवाल्यांचं?

अजिबात नाही. १८५५ मध्ये जेझुइट पाद्र्यांनी काढलेलं कॉलेज. आपल्याकडे मुंबईचं सेंट झेवियर्स ज्या परंपरेतलं, त्याच परंपरेतलं. टेकडीवर कॉलेज, शहरात नाव, पण बास्केटबॉलच्या संघाला स्वतःची व्यायामशाळासुद्धा नव्हती. सराव शेजारच्या सेंट इग्नेशियस हायस्कूलच्या हॉलमध्ये, आणि ‘घरचे’ सामने शहरातल्या केझार पॅव्हेलियनसारख्या भाड्याच्या जागी. दोनदा देशाचा विजेता ठरलेल्या संघाला हक्काचं मैदान मिळालं ते १९५८ मध्ये, वॉर मेमोरियल जिम्नॅशियम बांधून झालं तेव्हा. तोवर ज्यांनी ते मिळवून दिलं ती मुलं पदवी घेऊन निघूनही गेली होती.

म्हणजे बिल रसेल होता म्हणून जिंकले, एवढंच ना?

हा प्रश्न मला सगळ्यात जास्त विचारला जातो. उत्तर द्यायला मी थोडा वेळ घेतो.

रसेल, म्हणजे या संघाचा उंच मधला खेळाडू, नसता तर २९ पैकी २९ झालं नसतं, हे उघड आहे. कॉलेजच्या तिन्ही वर्षांत मिळून त्याची सरासरी दर सामन्याला २०.७ गुण आणि २०.३ रिबाउंड (हुकलेल्या फेकीनंतर उडालेला चेंडू पकडणं). पण त्या हंगामाचा खरा आकडा दुसऱ्या बाजूचा आहे : समोरच्या संघाला डॉन्सनी सरासरी साधारण ५२ गुणच करू दिले. स्वतः मात्र ते ७० च्या वर जात होते. सामन्यामागे वीस गुणांचं हे अंतर एकट्या माणसाच्या उंचीतून येत नाही. पुढे के. सी. जोन्स आणि हॅल पेरी हे दोन गार्ड (बास्केटपासून दूर, बाहेरच्या बाजूला खेळणारे खेळाडू) समोरच्या चेंडूवाल्याला इतकं हैराण करायचे, की तो कसाबसा त्यांच्यातून निसटला तरी रसेलच्याच तावडीत सापडायचा. आणि मागे रसेल आहे हे माहीत असल्यामुळे जोन्स आणि पेरी बिनधास्त चेंडूवर झडप घालायचे. चुकलं तर सावरायला माणूस होता. माइक फार्मर, कार्ल बोल्ट, माइक प्रेसो, जीन ब्राउन ही बाकीची मंडळीही याच शिस्तीत बसणारी.

आजही मैदानावर मुलांना शिकवताना चेंडू बास्केटमध्ये टाकायला शिकवायला वेळ लागत नाही. बचावात पाय हलवायला शिकवताना मात्र घाम निघतो. तिकडे कुणाचं लक्षच नसतं. डॉन्सचा तो हंगाम मला प्रिय आहे तो याच कारणाने. तो अडवणाऱ्यांचा हंगाम होता.

रसेलच्या खेळात असं वेगळं काय होतं?

तेव्हाचे प्रशिक्षक सांगायचे की चांगला बचावपटू जमीन सोडत नाही. पाय रोवून उभा राहा, हात वर कर, बस. रसेल उडायचा. सहा फूट नऊ-दहा इंच उंची, त्यात उंच उडीचा पट्टीचा खेळाडू. या प्रकारात त्याने सहा फूट नऊ इंचांच्या वर उडी मारली होती आणि १९५६ मध्ये जगातल्या पहिल्या दहांत त्याचं नाव होतं.

बारकाईने बघण्यासारखी गोष्ट त्याच्या पुढची आहे. उंच माणूस चेंडू अडवतो तेव्हा बहुतेक वेळा जोरात थप्पड मारून तो प्रेक्षकांत भिरकावतो. टाळ्या मिळतात, पण चेंडू परत समोरच्याच संघाकडे जातो. रसेल बोटांच्या टोकांनी चेंडूला हलका स्पर्श करून तो मैदानातच ठेवायचा, शक्यतो आपल्या माणसाच्या दिशेने. म्हणजे एकाच हालचालीत त्यांचा गुण गेला आणि आपला हल्ला सुरू झाला. अडवलेल्या फेकींची अधिकृत नोंद तेव्हा ठेवतच नसत, त्यामुळे असे किती चेंडू त्याने अडवले हे कुठल्याही तक्त्यात सापडणार नाही.

तो लहानपणापासूनच असा चमकत होता का?

उलट आहे. जन्म १९३४ चा, लुइझियाना राज्यातल्या मन्रो गावचा. कुटुंब पोटापाण्यासाठी कॅलिफोर्नियात ऑकलंडला आलं, आणि रसेल बारा वर्षांचा असताना आई गेली. मॅक्लाइमंड्स हायस्कूलच्या दुय्यम संघात तो सोळावा खेळाडू होता आणि गणवेश होते पंधरा. त्यामुळे एक गणवेश तो आणि दुसरा एक मुलगा आलटून-पालटून घालायचे. एका सामन्याला हा, पुढच्याला तो. जॉर्ज पॉवल्स नावाच्या प्रशिक्षकांनी त्याला काढून टाकलं नाही, एवढ्यावर पुढचा सगळा इतिहास उभा आहे. शिष्यवृत्ती देऊ करणारं कॉलेजही एकच निघालं : सॅन फ्रान्सिस्को.

के. सी. जोन्स कोण? आणि तो शेवटचे सामने का खेळला नाही?

जोन्स मूळचा टेक्ससमधल्या टेलर गावचा, पण वाढला सॅन फ्रान्सिस्कोत. उंची सहा फूट एक इंच, बोलणं मोजकं. कॉलेजात तो आणि रसेल एकाच खोलीत राहायचे. हे दोघं रात्री उशिरापर्यंत बास्केटबॉलवर बोलत बसायचे, तेही भूमिती सोडवल्यासारखं : चेंडू बास्केटच्या रिंगवर कुठल्या कोनात आपटला तर कुठे पडेल, समोरच्याला कुठल्या बाजूला ढकललं तर त्याची वाट बंद होईल. १९५५ च्या अंतिम सामन्यात ला साल विद्यापीठाच्या टॉम गोलाला, म्हणजे तेव्हाच्या देशातल्या सगळ्यात मोठ्या नावाला, जोन्सने बांधून ठेवलं आणि वर स्वतः २४ गुण केले. गोला त्याच्याहून पाच इंचांनी उंच होता.

आता दुसऱ्या अर्ध्या प्रश्नाबद्दल. १९५३-५४ च्या हंगामात जोन्स फक्त एक सामना खेळला आणि अपेंडिक्सच्या दुखण्याने वर्षभर बाहेर बसला. त्यामुळे त्याला खेळायला एक जादा वर्ष मिळालं खरं, पण राष्ट्रीय स्पर्धेच्या नियमांनी तो एक सामनाही पूर्ण हंगाम म्हणून धरला. परिणामी १९५५-५६ चे नियमित २५ सामने तो खेळला आणि स्पर्धेचे चार सामने त्याला बाकावरून बघावे लागले. त्याच्या जागी जीन ब्राउन आला आणि त्याने ती जागा निभावली.

म्हणून “एकट्या रसेलचा संघ” असं कुणी म्हटलं की मी या चार सामन्यांकडे बोट दाखवतो. संघाचा दुसरा खांब काढून घेतला, तरी छप्पर हललं नाही.

कुणीतरी आठ मिनिटं चेंडू नुसता धरून उभं राहिलं होतं, ही गोष्ट खरी आहे का?

खरी आहे. आणि त्या हंगामातला सगळ्यात विलक्षण सामना तोच.

२८ जानेवारी १९५६. समोर खाडीपलीकडचं बर्कलेचं कॅलिफोर्निया विद्यापीठ. डॉन्स सलग ३९ सामने जिंकून आलेले, चाळिसावा जिंकला की नवा राष्ट्रीय विक्रम. कॅलिफोर्नियाचे प्रशिक्षक होते पीट न्यूएल. यातली मेख अशी की न्यूएल हे डॉन्सचेच आधीचे प्रशिक्षक. १९४९ मध्ये न्यूयॉर्कची मानाची निमंत्रितांची स्पर्धा याच कॉलेजला त्यांनी जिंकून दिली होती. आणि डॉन्सचे आताचे प्रशिक्षक फिल वूलपर्ट हे त्यांचे कॉलेजच्या दिवसांतले सहखेळाडू. दोघं एकाच शाळेत बास्केटबॉल शिकलेले, म्हणा ना.

न्यूएलनी हिशेब मांडला : रसेल बास्केटखाली उभा असेपर्यंत आत घुसण्यात अर्थ नाही, त्याला बाहेर ओढायला हवं. म्हणून उत्तरार्धात त्यांचा मधला खेळाडू जो हॅगलर अर्ध्या मैदानाजवळ चेंडू घेऊन उभा राहिला. पास नाही, ड्रिबल नाही, काही नाही. घड्याळ पळतंय, प्रेक्षक आरडाओरडा करताहेत आणि मैदानावर दहा माणसं जागच्या जागी. असं साधारण आठ मिनिटं चाललं. वूलपर्टही हलले नाहीत. आपल्या मुलांना त्यांनी बाहेर काढलं नाही. रसेल तिथेच थांबला. शेवटी सामना ३३-२४ असा संपला, विक्रम डॉन्सच्या नावावर लागला.

आज हे होऊ शकत नाही, कारण ठरावीक सेकंदांत चेंडू टाकावाच लागतो. व्यावसायिक लीगने २४ सेकंदांचं घड्याळ १९५४ मध्येच आणलं होतं. कॉलेजच्या पुरुष संघांना मात्र ते सगळीकडे लागू व्हायला १९८५ उजाडलं, आणि तेही सुरुवातीला ४५ सेकंदांचं. काही जण या सामन्याला खेळाची थट्टा म्हणतात. मला तसं वाटत नाही. प्रतिस्पर्ध्याने तुमच्यासमोर खेळायचंच नाकारावं, यापेक्षा बचावाची मोठी पावती कुठली?

संघात कृष्णवर्णीय खेळाडू होते म्हणून त्रास झाला का?

झाला. सुरुवातीच्या पाच जणांत रसेल, जोन्स आणि पेरी असे तीन कृष्णवर्णीय. त्या काळात अनेक मोठ्या विद्यापीठांच्या संघांत एकही नसे, आणि जिथे एखाददुसरा असे तिथेही तिघांना एकाच वेळी मैदानात उतरवायची कुणाची तयारी नसे. वूलपर्टना यावरून शिव्याशाप देणारी पत्रं यायची.

सगळ्यात बोचणारा प्रसंग आदल्या हंगामातला, डिसेंबर १९५४ चा. एका स्पर्धेसाठी संघ ओक्लाहोमा सिटीला गेला. तिथल्या हॉटेलांनी कृष्णवर्णीय खेळाडूंना खोल्या द्यायला नकार दिला. मग सगळ्या संघाने मिळून ठरवलं की गोरी मुलं हॉटेलात आणि बाकीची दुसरीकडे, असं करायचं नाही. सुट्टीमुळे रिकाम्या पडलेल्या वसतिगृहात सगळे एकत्र राहिले. सरावाच्या वेळी बघ्यांनी त्यांच्या अंगावर नाणी फेकली. रसेलने खाली वाकून ती नाणी एकेक करून उचलली आणि वूलपर्टच्या हातात नेऊन दिली, जरा सांभाळा म्हणून. वीस वर्षांचा मुलगा होता तो. ती स्पर्धा डॉन्सनी जिंकली.

या कॉलेजच्या पाठीशी आणखी एक आठवण होती. १९५१ चा त्यांचा फुटबॉल संघ, अर्थात अमेरिकन फुटबॉलचा, नऊपैकी नऊ सामने जिंकला होता. ऑली मॅटसन आणि बर्ल टोलर या दोन कृष्णवर्णीय खेळाडूंना घरी ठेवून यायचं असेल तर हंगामाअखेरच्या बड्या सामन्याचा विचार होईल, असं सुचवलं गेलं. मुलांनी साफ नाही म्हटलं. निमंत्रण आलं नाही आणि पैशाअभावी कॉलेजने मोठ्या स्तरावरचा फुटबॉल बंद केला. ओक्लाहोमाच्या वसतिगृहातला निर्णय याच मातीतला आहे, असं मला वाटतं.

अंतिम सामना कसा झाला?

इव्हन्स्टन, इलिनॉय. नॉर्थवेस्टर्न विद्यापीठाचा मॅकगॉ हॉल. समोर आयोवा. त्याआधी डॉन्सनी यूसीएलएला ७२-६१, यूटाला ९२-७७ आणि उपांत्य सामन्यात सदर्न मेथडिस्टला ८६-६८ असं हरवलं होतं.

आयोवाने सुरुवात झंझावाती केली, १५-४ अशी आघाडी. जोन्स नाही, बचाव विस्कटलेला, आयोवाचा कार्ल केन सुटलेला. वूलपर्टनी माणसांची अदलाबदल करून जीन ब्राउनला केनच्या मागे लावलं आणि सामना हळूहळू ताब्यात आला. मध्यंतराला डॉन्स ३८-३३ ने पुढे, शेवटी ८३-७१. रसेलचे २६ गुण आणि २७ रिबाउंड. सत्तावीस! राष्ट्रीय अंतिम सामन्यात एका माणसाने इतके रिबाउंड घेणं आजच्या खेळात कल्पनेपलीकडचं आहे.

मग स्पर्धेचा सर्वोत्तम खेळाडू रसेलच असणार?

नाही. तो मान टेंपल विद्यापीठाच्या हॅल लिअरला मिळाला. टेंपल उपांत्य फेरीत हरलं होतं, पण तिसऱ्या क्रमांकाच्या सामन्यात लिअरने एकट्याने ४८ गुण केले. रसेलला हा मान आदल्या वर्षी मिळाला होता. लिअरचा खेळ अफाट होता, त्याबद्दल वाद नाही. पण गुण टाकणारा दिसतो आणि अडवणारा दिसत नाही, हे तेव्हाही तसंच होतं.

रसेलमुळे नियम बदलले म्हणतात, ते कोणते?

एक, बास्केटसमोरची फ्री-थ्रो लेन ६ फुटांवरून १२ फूट रुंद केली गेली. हल्ला करणाऱ्या संघाच्या खेळाडूला या पट्ट्यात तीन सेकंदांपेक्षा जास्त थांबता येत नाही, त्यामुळे उंच माणसाला बास्केटपासून दूर उभं राहणं भाग पडलं. दोन, आपल्याच सहकाऱ्याने टाकलेला चेंडू रिंगवर असताना त्याला वरून हात लावून आत ढकलण्यावर पुढे बंदी आली. रसेल हे सर्रास करायचा. या बदलांमागे तो एकटाच होता असं नाही, उंच खेळाडूंची एक पिढीच तेव्हा येत होती.

विजयाची मालिका शेवटी कुठे तुटली?

डिसेंबर १९५४ मध्ये यूसीएलएने त्यांना ४७-४० असं हरवलं होतं. त्यानंतर आदल्या हंगामाचे २६, या हंगामाचे २९ आणि पुढच्या हंगामाचे पहिले ५ असे मिळून ६० विजय झाले. डिसेंबर १९५६ मध्ये इलिनॉयने ६२-३३ असा दणका दिला. तेव्हा रसेल आणि जोन्स दोघंही कॉलेज सोडून गेलेले होते. तरी उरलेल्या मुलांनी १९५७ मध्ये पुन्हा उपांत्य फेरी गाठली, हे विसरू नये. ६० चा विक्रम पुढे १९७३ मध्ये यूसीएलएने मोडला आणि ८८ पर्यंत नेला.

१९५६ च्या ऑलिंपिकशी या संघाचा काय संबंध?

रसेल आणि जोन्स दोघंही मेलबर्नला गेलेल्या अमेरिकी संघात होते, आणि अंतिम सामन्यात डॉन्सना त्रास देणारा आयोवाचा कार्ल केनही. १ डिसेंबरला सोव्हिएत संघाला ८९-५५ असं हरवून त्यांनी सुवर्णपदक घेतलं. आपल्या वाचकांसाठी एक जोड : त्याच दिवशी, त्याच शहरात, मुंबईच्या नेव्हिल डिसोझाने ऑस्ट्रेलियाविरुद्ध तीन गोल मारून भारताला फुटबॉलच्या उपांत्य फेरीत नेलं. मेलबर्नमधली ती संध्याकाळ या दोन्ही बातम्यांनी किती भरलेली असेल, याचा विचार मी बऱ्याचदा करतो.

तिथून रसेल बॉस्टन सेल्टिक्स या व्यावसायिक संघात गेला आणि १३ हंगामांत ११ विजेतेपदं मिळवली. जोन्सही तिथे आला, खेळाडू म्हणून ८ विजेतेपदं, मग त्याच संघाचा मुख्य प्रशिक्षक म्हणून १९८४ आणि १९८६ ची आणखी दोन. जोन्स डिसेंबर २०२० मध्ये गेला, रसेल ३१ जुलै २०२२ रोजी. त्यानंतर रसेलच्या गणवेशावरचा ६ क्रमांक साऱ्या एनबीएमध्ये, म्हणजे त्या व्यावसायिक लीगमध्ये, कायमचा निवृत्त करण्यात आला.

कॉलेजच्या संघाचं पुढे काय झालं?

चढउतार. १९७६-७७ मध्ये बिल कार्टराइटच्या संघाने पहिले २९ सामने सलग जिंकले, अगदी तोच आकडा, आणि मग पुढचे दोन्ही हरले. १९८२ मध्ये खेळाडूंना बेकायदा फायदे दिल्याची प्रकरणं वारंवार निघाल्याने विद्यापीठाच्या अध्यक्षांनी स्वतःहून संघच बंद केला. तीन वर्षांनी, १९८५ मध्ये तो पुन्हा सुरू झाला. एवढ्या वैभवाच्या खेळाला आपणहून कुलूप लावायला धैर्य लागतं.

आणि प्रशिक्षक वूलपर्ट?

त्यांच्याबद्दल फार कमी जण विचारतात. शांत, काळजी करणारा, सामन्याच्या ताणाने पोखरला जाणारा माणूस. १९५९ मध्ये त्यांनी हे काम सोडलं. नंतर काही वर्षं इतर संघ सांभाळले आणि मग सगळं मागे टाकून ते वॉशिंग्टन राज्यातल्या सिक्विम या छोट्या गावी राहायला गेले. तिथे ते शाळेची बस चालवायचे. १९८७ मध्ये ते वारले, आणि बास्केटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये त्यांचं नाव लागलं ते त्यानंतर पाच वर्षांनी.

त्या हंगामातला एकच सामना प्रत्यक्ष बघायला मिळाला असता तर कोणता निवडाल?

अंतिम सामना नाही, आठ मिनिटांचाही नाही. मी स्पर्धेतला पहिला सामना निवडेन, यूसीएलएविरुद्धचा. डॉन्सना शेवटचं हरवणारा संघ हाच, आणि जोन्सशिवायचा हा पहिलाच सामना. रसेल मैदानात आहे, डाव्या-उजव्या बाजूची सवयीची पावलं नाहीत, आणि जोन्स कपडे करून बाकावर बसलाय. मला त्याचा चेहरा बघायचा आहे, जीन ब्राउन पहिल्यांदा यूसीएलएच्या गार्डसमोर पाय टाकतो त्या क्षणी.